सहा दिवसांना एक

16 वर्षं, 1000 चित्रपट. ओनोए मात्सुनोसुके या जपानी नटाच्या नावापुढे हा हिशेब हमखास लिहिलेला असतो. पहिला चित्रपट 1909चा आणि हजारावा, 'अराकी माताएमोन', 1925चा. भागाकार करा: वर्षाला 62, म्हणजे सहा दिवसांना एक.

हजारावा कुठला, हे अर्थात त्याच्या चित्रपट कंपनीनेच ठरवलं होतं. जाहिरातीतल्या गोल आकड्यावर माझा फारसा विश्वास नाही. पण त्यातले 200 सरळ कापले तरी वर्षाला 50 उरतात, म्हणजे आठवड्याला एक. आकडा फुगवलेला असेलही. वेग मात्र खराच.

हा वेग जमला कसा? याचं उत्तर रिळात आहे. 35 मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी, हजार फुटांच्या रिळात 16,000. सेकंदाला 16 चौकटी धरल्या तर रीळ 17 मिनिटांत संपतं. फिल्म परदेशातून यायची, महाग पडायची. म्हणून सेकंदाला 8 चौकटींवरही चित्रण उरकलं जाई. मग तेच रीळ 33 मिनिटं पुरायचं. पडद्यावरची माणसं तुटक हलायची, त्याला कोण विचारतो!

बाकीचा खर्चही असाच आखडता. कॅमेरा एका जागी रोवलेला, नट डोक्यापासून पायापर्यंत दिसेल इतका लांब. स्त्रीभूमिका पुरुषांकडे. क्योतोत नाट्यगृह चालवणारा माकिनो शोझो हा दिग्दर्शक. तो कॅमेऱ्याशेजारून वाक्यं सांगे, नट ती म्हणत. लिहिलेली पटकथा नाहीच. गोष्टी काबुकी नाटकांतल्या आणि कथेकऱ्यांच्या, प्रेक्षकांना आधीच पाठ. उरलेलं काम चित्रपटगृहात पडद्याशेजारी बसून सगळ्यांचे संवाद बोलणारा बेन्शी करायचा.

मात्सुनोसुके पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे आला तेव्हा 34 वर्षांचा होता, गावोगाव फिरणाऱ्या नाटक मंडळीतला. 1912 मध्ये चार चित्रपट कंपन्या एकत्र होऊन निक्कात्सु झाली आणि तो तिचा हुकमी एक्का ठरला. लोक त्याला 'मेदामा नो मात्चान' म्हणत, म्हणजे बटबटीत डोळ्यांचा मात्चान. काबुकीत मोक्याच्या क्षणी नट थबकून डोळे वटारतो, तेच त्याने पडद्यावर आणलं. 1921च्या 'जिराइया'त तो हातांची मुद्रा करतो, धूर उठतो आणि त्याच्या जागी प्रचंड बेडूक येतो. कॅमेरा थांबवायचा, नट बाजूला करायचा, पुन्हा चालू करायचा. युक्ती एवढीच, पण आजही पाहताना हसू फुटतं आणि मजा वाटते.

1925 मध्येच बांदो त्सुमासाबुरो या नटाचा 'ओरोची' आला. त्यातली धावती, घामेजलेली तलवारबाजी पाहिली की मात्सुनोसुकेची लढाई नाचासारखी भासते. तो मागे पडत होता, हे मान्यच करायला हवं. पण तलवारपटांचा प्रेक्षक घडवला त्यानेच.

एवढ्या चित्रपटांपैकी आज हाती लागतात ते बोटांवर मोजण्याइतके. जन्म 12 सप्टेंबर 1875चा, मृत्यू 11 सप्टेंबर 1926चा. 51 पूर्ण व्हायला एक दिवस कमी पडला.