पडद्यावरचा फौजदार

माझे वडील पोलीस खात्यात हवालदार होते. टीव्हीवर पोलिसांचा चित्रपट लागला, की ते थोडा वेळ पाहत आणि म्हणत, "एवढ्या गोळ्या उडवल्या, आता त्यांचा हिशेब कोण लिहिणार?" आम्ही भावंडे हसत असू. परंतु फिलिपाइन्समधील एका चित्रपटाची माहिती वाचताना तोच प्रश्न मला पुन्हा आठवला. म्हणून हा लेखनप्रपंच.

२००० साली तेथे 'पिंग लॅक्सन : सुपर कॉप' हा चित्रपट निघाला. दिग्दर्शक टोटो नातिविदाद आणि नायक रुडी फर्नांडेझ. खऱ्या माणसाच्या आयुष्यावर मारधाडीचा चित्रपट काढणे ही त्या देशातील जुनी प्रथा आहे. तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष जोसेफ एस्ट्राडा स्वतःच पडद्यावरून राजकारणात आलेले. मनिलातील एका गुंडाच्या जीवनावरील १९६१ च्या चित्रपटाने त्यांचे नाव झाले होते.

या चित्रपटाचे वैशिष्ट्य असे, की ज्या पानफिलो लॅक्सन यांच्यावर तो बेतला, ते त्या वेळी देशाच्या पोलीस दलाचे प्रमुख होते! लॅक्सन यांचा जन्म १९४८ चा. १९७१ मध्ये लष्करी अकादमीतून ते बाहेर पडले. १९९२ नंतर गुन्हेगारीविरोधी आयोगात त्यांनी खंडणीसाठी अपहरण करणाऱ्या टोळ्यांचा पिच्छा पुरवला. चिनी वंशाची व्यापारी कुटुंबे तेव्हा या टोळ्यांच्या धास्तीखाली होती. १९९९ मध्ये प्रमुखपदी येताच त्यांनी वाहनचालकांकडून पैसे उकळणाऱ्या पोलिसांना चाप लावला आणि पोलिसाची कंबर ३४ इंचांपेक्षा जास्त नसावी, असा दंडक घातला. हे मी वडिलांना सांगितले, तेव्हा त्यांनी पोटावरून हात फिरवला आणि विषय बदलला.

इथवर कथा चित्रपटाला शोभणारीच आहे. मात्र नाण्याला दुसरी बाजू आहे. १८ मे १९९५ रोजी केझॉन सिटीच्या कॉमनवेल्थ अव्हेन्यूवर कुराटोंग बालेलेंग टोळीचे अकरा जण पोलिसांच्या गोळ्यांनी मारले गेले. पोलीस म्हणाले, चकमक झाली. आरोप असा झाला, की त्यांना आधी पकडले आणि मग मारले. फिलिपाइन्समध्ये अशा प्रकाराला 'रबआउट' म्हणतात. आरोपींत लॅक्सन यांचेही नाव होते. १९९९ मध्ये कोर्टाने खटला काढून टाकला, २००१ मध्ये तो पुन्हा उभा राहिला, २००३ मध्ये खटला चालवण्याइतका आधार नाही म्हणून कोर्टाने तो पुन्हा काढला, आणि २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तोच निर्णय कायम केला. लॅक्सन दोषी ठरले नाहीत, हे येथे स्पष्ट सांगितले पाहिजे.

पण तारखा पाहा. चित्रपट २००० चा आणि अखेरचा निकाल २०१२ चा. नायकाच्या नावाने निघालेल्या चित्रपटात कॅमेरा नायकाच्याच पाठीशी उभा राहतो. समोरून येणारा माणूस पडला, की प्रसंग संपतो. त्याला पकडले होते की नाही, पंचनामा कोणी केला, हे प्रेक्षक विचारत नाही. म्हणजे कोर्टात बारा वर्षे लोंबकळलेला प्रश्न चित्रपटगृहात दोन-अडीच तासांत सुटतो. हे केवळ तिकडेच घडते असे नव्हे. मुंबईच्या लोखंडवाला संकुलात १९९१ साली झालेल्या चकमकीवर २००७ मध्ये हिंदी चित्रपट आलाच की.

पुढची गंमत तर पाहा. २००४ च्या अध्यक्षीय निवडणुकीत लॅक्सन उभे राहिले, आणि मारधाडपटांचा अनभिषिक्त राजा फर्नांडो पो ज्युनियरही. ग्लोरिया आरोयो यांनी पो यांना सुमारे ११ लाख मतांनी हरवले. लॅक्सन यांना सुमारे ३५ लाख मते पडली होती! लॅक्सन यांच्या आयुष्यातील पुढच्या एका प्रकरणावरून स्फुरलेला '१०,००० अवर्स' हा चित्रपट २०१३ मध्ये आला. त्याचा नायक रॉबिन पाडिला २०२२ मध्ये सिनेटर झाला. २०२५ मध्ये लॅक्सनही पुन्हा निवडून आले, आणि खरा अधिकारी व पडद्यावरचा नायक एकाच सभागृहात बसले.

माझ्या वडिलांनी उभ्या नोकरीत एकच गोळी झाडली, तीही दंगलीच्या वेळी, हवेत. तिचा जबाब लिहिण्यात आणि चौकशीत त्यांचा आठवडा गेला. ती हकिगत ते आजही कुरकुरत सांगतात. परंतु "जबाब का लिहायचा?" असे मी एकदा विचारले, तेव्हा ते म्हणाले, "अरे, बंदूक सरकारची असते. गोळी कुठे गेली, हे लोकांना कळायला नको?"