जुनीं चलच्चित्रें : भोग कोणाचा, आगम कोणाचा?

स्थावराची वाटणी करितांना आपण सात-बाराचे उतारे काढतों. पण माळ्यावरील जुन्या फिल्मच्या डब्याचा धनी कोण, हें कोणी विचारीत नाहीं. चित्रपट व दूरचित्रवाणी यांना जुनीं दृश्यें सदैव हवीं असतात. तेव्हां वऱ्हाडांतील घरांनींहि हा विषय समजून घेणें अगत्याचें आहे.

अमरावतीचेंच उदाहरण घेऊं. १९१४ सालीं स्थापन झालेल्या श्रीहनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचें पथक १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकप्रसंगीं देशी खेळांचीं प्रात्यक्षिकें दाखवावयास गेलें होतें. त्यावर माहितीपट काढणाऱ्यानें प्रथम मंडळाचें दप्तर व खेळाडूंचीं घरें धुंडाळावीं. मग पुण्याचें राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय (१९६४) व मुंबईची फिल्म्स डिव्हिजन (१९४८) यांचे संग्रह पाहावे. या दोन्ही संस्था २०२२ सालीं राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळांत विलीन झाल्या. शेवटीं लोझान येथील आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीकडे विचारणा करावी. ए. के. चेट्टियार यांनीं गांधीजींवरील १९४० च्या माहितीपटासाठीं देशोदेशीं हिंडूनच फिती जमविल्या होत्या.

फीत सांपडली म्हणजे काम संपलें असें नव्हे. याज्ञवल्क्यस्मृतीच्या व्यवहाराध्यायांत भोग व आगम, म्हणजे ताबा व मालकीचें मूळ, यांचा भेद केला आहे. तोच येथें लागू पडतो. डबा ज्याच्या कपाटांत, त्याचा भोग. हक्क मात्र दुसऱ्याचा असूं शकतो. १९५७ च्या कायद्यान्वयें चित्रपटावरील हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षें टिकतो. प्रभातच्या १९३६ च्या ‘संत तुकारामा’वरील हक्क केव्हांच संपला आहे. परंतु त्यांतील एक सुप्रसिद्ध पद लोक तुकोबांचें समजतात, तें वस्तुतः शांताराम आठवले यांचें आहे. आणि पद्यावरील हक्क कवीच्या निधनानंतरहि ६० वर्षें चालतो. एकाच फितीवर असे अनेकांचे हक्क असतात. शिवाय हक्क संपला तरी प्रत काढून देण्याचें शुल्क संग्राहक घेतोच.

आतां घरगुती फितींविषयीं. लग्नमुंजीचें चित्रण मोबदला देऊन करविलें असेल, तर निराळा करार नसल्यास पहिला मालक छायाचित्रकार नव्हे. ज्यानें तें करविलें तो. कोणी निर्माता ती फीत मागावयास आला तर तोंडी होकारावर डबा देऊं नये. परवाना लेखी असावा लागतो. कोणतीं दृश्यें, किती सेकंद, कोणत्या माध्यमांत, कोणत्या देशांत, किती वर्षें व किती मोबदला, हें सारें त्यांत असावें. मुदत लिहिली नसल्यास कायदा ती पांच वर्षें धरतो. प्रदेश लिहिला नसल्यास भारतापुरता. मूळ फीत परत करण्याची तारीखहि घालावी.

मात्र दस्तऐवज चोख असून फीतच नासली तर काय उपयोग? ॲसिटेटची फीत उष्णतेनें कुजते व तिला शिरक्यासारखा आंबूस वास येऊं लागतो. अकोल्याच्या उन्हाळ्यांत पत्र्याखालचा माळा तिला मारकच. तेव्हां डबे खालच्या थंड, कोरड्या खोलींत आणावे, प्रत्येकावर साल व प्रसंग लिहावा, आणि चित्रांतील माणसें ओळखणारीं वडीलधारीं आहेत तोंवर त्यांचीं नांवें टिपून ठेवावीं. दागिना मोडला तर पुन्हां घडवितां येतो. आजोबांचें चालणें पुन्हां घडवितां येत नाहीं.