माहिती चौकट : कॉलेज सुटलं, रिंग सुटत नाही

भिवंडीची कॉलेजं मुंबई विद्यापीठाखाली येतात. त्यामुळे इथल्या बास्केटबॉलपटूची धाव आंतरमहाविद्यालयीन सामने, विद्यापीठाचा संघ आणि फार तर पश्चिम विभागीय स्पर्धेपर्यंत. पुढे बहुतेकांचे बूट माळ्यावर जातात.

ज्याला मैदान सोडवत नाही, त्याने शाळेसाठी बी.पी.एड. करावं, प्रशिक्षक व्हायचं तर पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेची (एनआयएस, स्थापना १९६१) पदविका. ‘एनआयएस केलंय का?’ हा प्रश्न प्रशिक्षकाच्या मुलाखतीत ठरलेलाच. चांगला खेळाडू लहानांना शिकवताना मात्र हमखास अडखळतो. मिनी बास्केटबॉलमध्ये रिंग ३.०५ वरून २.६० मीटरवर येते. शिकवणंही तेवढंच खाली आणावं लागतं.

जिल्हा क्रीडा अधिकारी व्हायचं तर एमपीएससी. तिथे बास्केट कमी, फायली जास्त : शालेय स्पर्धा, अनुदान, क्रीडा संकुल.

मुंबईत या खेळाचं माहेर नागपाडा. अमेरिकन मराठी मिशनच्या क्लिफर्ड मॅनशार्ट यांनी १९२०च्या दशकात तिथे नेबरहुड हाउस हे समाजकेंद्र उभारलं. भारताचे माजी कर्णधार अब्बास मुंतसिर (अर्जुन पुरस्कार, १९७०) नागपाड्याचेच. तिथलं पालिकेचं मैदान मात्र बच्चू खान या प्रशिक्षकाच्या नावाने आहे.