अजून न जन्मलेल्या लोकांचं लोकगीत

लोकगीतांच्या जुन्या कॅसेटवर गीतकाराच्या नावाजागी बहुधा एकच शब्द छापलेला असायचा : 'पारंपरिक'. म्हणजे कुणाचंच नाही, किंवा सगळ्यांचं. या शब्दाचा एक अमेरिकी किस्सा संगीतकार टॉड बार्टन सांगतात. १९८०च्या दशकात त्यांनी एका कॅसेटच्या कॉपीराइटसाठी अर्ज केला. कार्यालयाचं उत्तर आलं, की आदिवासींच्या लोकसंगीतावर असा हक्क देता येत नाही. बार्टनना उलट टपाली कळवावं लागलं, की संगीत लोकांचंच आहे, पण ते लोकच आम्ही रचले आहेत.

ते लोक म्हणजे 'केश'. अर्सुला ले ग्विन यांच्या 'ऑलवेज कमिंग होम' (१९८५) या पुस्तकातले. समुद्र वर चढून कॅलिफोर्नियाचा नकाशा बदलल्यावर, फार पुढच्या काळात, नापा खोऱ्यात राहणारे. याला कादंबरी म्हणायचं तर एका बाईची आत्मकथा तेवढी सलग आहे. बाकी सगळा गावगाडा : स्वयंपाकाच्या कृती, नात्यांचे तक्ते, नाच, म्हणी, शेवटी शब्दकोश. पुस्तकाच्या खोक्यात गाण्यांची ती कॅसेटही होती.

ती गाणी मी कान देऊन ऐकली आहेत. पहिलंच 'बगळ्याचा नाच'. हाडाच्या बासरीचा चिरका, थोडा कापरा सूर आणि त्याखाली हूम्बूटाचा घुमारा. हूम्बूटा म्हणजे समारंभात फुंकायचं सात फुटी शिंग. आपल्या कर्ण्याचा लांबचा भाऊ म्हणा. ले ग्विननी ते कागदावर कल्पिलं. बार्टननी प्रत्यक्ष बनवलं आणि स्वतःच वाजवायला शिकले. गाणी इंग्रजीत असून चालणार नव्हतं, म्हणून ले ग्विनना केश भाषा रचावी लागली. तोवर त्यांच्याजवळ तिचे मोजकेच शब्द होते. गाण्यासाठी भाषा जन्माला आली, हा क्रम मला फार आवडतो.

'हेया' हा केशांचा पवित्र उच्चार गाण्यांतून सारखा येतो. त्याचा अर्थ विचारू नये. पोवाड्यातल्या 'जी जी रं जी'चा अर्थ कुणी विचारतं का? झीलकरी ते म्हणतात तेव्हा शाहिराला दम घ्यायला फुरसत मिळते आणि फड एका तालात येतो. कागदावर लिहिणारा कवी असे शब्द आधी खोडतो. ले ग्विननी ते ठेवले. चार-चार, पाच-पाचच्या जुळण्याही ठेवल्या, कारण केशांची घरकुळं नऊ : पाच भूमीची, चार आकाशाची.

पुस्तकातली मला सर्वांत अस्सल वाटलेली गाणी मरणाची आहेत. 'पश्चिमेला जात सूर्योदयाकडे' असं त्यांचं नाव. मरणाऱ्यासोबत म्हणायची, आणि धडधाकट असतानाच शिकून ठेवायची. ऐनवेळी वही शोधत बसण्यात अर्थ नाही, हे शहाणपण अंत्यविधीला भटजींची वाट पाहत उभं राहिलेल्या कुणालाही पटेल.

हे सारं हवेतून आलं नाही. ले ग्विन यांचे वडील आल्फ्रेड क्रोबर हे मानववंशशास्त्रज्ञ. 'याही' नावाच्या आदिवासी जमातीतला अखेरचा माणूस मानला गेलेला इशी १९११मध्ये ओरोव्हिल गावात सापडला. क्रोबर आणि त्यांचे सहकारी वॉटरमन यांनी त्याची गाणी-गोष्टी मेणाच्या नळकांड्यांवर ध्वनिमुद्रित केल्या. १४८ नळकांडी. इशी १९१६मध्ये क्षयानं गेला. ले ग्विनचा जन्म १९२९चा. त्या मोठ्या होईपर्यंत घरात या माणसाचा विषय निघाला नाही. पुढे आई थिओडोरा यांनी त्याच्यावर पुस्तक लिहिलं (१९६१). मुलीनं मात्र जिवंत आदिवासींच्या विधींना हात लावला नाही. नवे लोक घडवले आणि त्यांची गाणी घडवली.

गंमत अशी, की कॉपीराइट कार्यालय ज्या लायब्ररी ऑफ काँग्रेसचा भाग आहे, तिनंच २०१०च्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रण यादीत इशीची नळकांडी घेतली. बार्टनना नकार कळवणाऱ्या कारकुनाला मी हसत नाही. तो केशांबद्दल चुकला, पण नियम त्याला ठाऊक होता. बार्टननी खुलासा केला, कारण खुलासा करायला रचणारी दोन माणसं हयात होती आणि त्यांना नावं होती. ज्यांची गाणी पिढ्यान्‌पिढ्या तोंडातोंडी आली, त्यांनी अर्जावर कुणाचं नाव घालायचं? काल्पनिक जमातीचं गाणं कायद्यानं राखता येतं, खऱ्या जमातीचं कुणीही उचलावं. आणि केशांमध्ये तर श्रीमंती देण्यावर मोजतात, राखण्यावर नाही!

नापा खोऱ्याचे खरे मूळ रहिवासी वाप्पो. त्यांची भाषा अस्खलित बोलणाऱ्या शेवटच्या व्यक्ती लॉरा फिश सोमरसाल, टोपल्या विणण्यात नामांकित. भाषाशास्त्रज्ञांनी त्यांच्याकडून एकेक शब्द, एकेक वाक्य टिपून घेतलं. त्यावरून वाप्पोचं व्याकरण पुढे छापलं गेलं. केश भाषेचा शब्दकोश पुस्तकामागे छापून आला तेव्हा त्या हयात होत्या. १९९०मध्ये गेल्या.