स्टिअरिंगचा प्ले अलाइनमेंटने जात नाही

स्टिअरिंगला प्ले (चाके वळण्याआधीचे रिकामे फिरणे) आला की अनेक जण आधी व्हील अलाइनमेंट करून घेतात. अलाइनमेंट चाकांचे कोन जुळवते, झिजलेला सांधा घट्ट करत नाही. बिजागरी झिजलेले दार कितीही नीट बसवले तरी पुन्हा लोंबते, तसेच हे. बहुधा झिजतो तो टाय रॉड एंड (चाक वळवणाऱ्या दांड्याच्या टोकाचा गोळीचा सांधा). त्याची रबरी टोपी फाटली, की ग्रीस निघून जाते, धूळपाणी आत शिरते. मेकॅनिककडून पुढचे चाक उचलून, खाली स्टँड लावून, डावी-उजवीकडे धरून हलवून घ्यावे. खटखट जाणवली तर संशय टाय रॉडवर किंवा स्टिअरिंग रॅकवर (टाय रॉड ढकलणाऱ्या दातेरी दांड्यावर). वर-खाली धरल्यावर हलले तर सस्पेन्शनचा बॉल जॉइंट किंवा चाकाचे बेअरिंग तपासावे. सांधा आधी बदलावा. अलाइनमेंट त्यानंतर करावेच लागते.