दुपार कानानं टिपताना

ऊन मी म्हणतं तेव्हा डोंगरकडा गावच्या रस्त्यावर चिटपाखरू नसतं, पण आवाज सुरूच असतात. हळद पॉलिश करणाऱ्या ढोलाची घरघर, वाऱ्यानं फाटलेल्या केळीच्या पानांची सळसळ, तापलेल्या पत्र्यांची तडतड आणि लाइट आली की शिवारभर एकदम सुरू होणाऱ्या मोटारी. उन्हाळ्यावर छोटी फिल्म करायला आम्ही मोबाइल आणि माइक घेऊन निघालो, ते आधी हे टिपायला.

मनात पायल कपाडियांची ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ होती. २०१८ साली बर्लिनच्या महोत्सवात दाखवलेली ही २३ मिनिटांची फिल्म भीमाशंकरच्या जंगलालगतच्या कोंढवळ गावात घडते. त्यात बायका आपल्या हरवलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. त्या ऐकू येतात, दिसत मात्र नाहीत. कॅमेऱ्यासमोर कोण असं बोलेल?

डोक्यावरच्या उन्हात कॅमेऱ्याचं काही चालत नाही. डोळ्यांखाली काळ्या सावल्या पडतात, मोबाइल तापून बंद पडतो. म्हणून चित्रीकरण सकाळी आणि उन्हं कलल्यावर. दुपार सगळी कानाची.

सावलीत हळकुंडं निवडत बसलेल्या बायकांमध्ये माइक ठेवला, वाऱ्याची फडफड येऊ नये म्हणून त्यावर दस्ती गुंडाळली आणि मोबाइल नजरेआड केला. सुरुवातीला सगळ्या भाषण केल्यासारखं मोठ्यानं बोलत होत्या. एक मावशी म्हणाल्या, “ह्यात काय ऐकायचंय बाबा?” मग हातातल्या कामाच्या लयीत आवाज खाली आले. माहेरची विहीर निघाली, लग्नाआधीचं एक नाव निघालं, मध्येच थांबलं. ते थांबणं आम्ही कापलं नाही.

बोलणं संपल्यावर सगळ्यांना थोडा वेळ गप्प बसायची विनंती केली. त्या जागेची नुसती शांतता वेगळी रेकॉर्ड करावीच लागते. दोन तुकडे जोडताना ती खाली अंथरली नाही, तर जोड कानाला खटकतो. आणि प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते; केळीच्या बागेतली पत्र्याच्या घराला चालत नाही.

गावाकडच्या फिल्मवर हटकून बासरी चढवली जाते. माझ्या मते त्यानं गाव ऐकूच येत नाही.

आपल्या पोरांच्या हातात आज चांगले मोबाइल आहेत. त्यांना माझं सांगणं एवढंच, की या उन्हाळ्यात आई-आजी कामाला बसल्या की शेजारी बसा, संगीत न लावता त्यांचा आवाज रेकॉर्ड करा. पण आधी त्यांना विचारा.