हशा टिपायचा कसा?

गाण्याच्या बैठका आणि विनोदी खेळ यांचे चित्रण करणे हा माझा धंदा. कुपवाडसारख्या ठिकाणी राहून हा धंदा चालतो कसा, असे मुंबईचे पाहुणे विचारतात. त्यांना मी सांगतो, सांगलीत १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणले. मिरजेच्या दर्ग्यात उरुसाला अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ गाणे होते. आणि काळू-बाळूंचे कवलापूर तर आमच्या शेजारीच. कॅमेरा खांद्यावर टाकून कुठल्याही दिशेला निघावे, रिकाम्या हाताने परतायची वेळ येत नाही!

गाणे टिपणे त्या मानाने सोपे. कॅसेट तीन तासांची. राग संपला, तबलजीने हातोडी उचलली, की खुशाल कॅसेट बदलावी. विनोदाचे तसे नाही. बतावणीत सोंगाड्या पुढे काय बोलेल हे शेजारच्या साथीदारालाही ठाऊक नसते, मग मला कुठून असणार? पहिल्या रांगेतल्या एखाद्या जाड्या पाटलावर त्याची नजर पडते आणि सारा तंबू हसून लोळतो.

म्हणून मी नेहमी दोन माइक लावतो : एक रंगमंचाकडे, दुसरा प्रेक्षकांकडे. हशा गाळून तेच चित्रण पाहा. सोंगाड्या मध्येच का थांबला ते कळत नाही. बिचारा भाषण विसरला की काय, असे वाटते!

आज माझ्या कपाटात जुन्या कॅसेटींची चळत आहे. फितीवर पांढरी बुरशी चढते आहे. त्या लावायची यंत्रे बनवणे २०१६ साली थांबले. माझ्याकडे एकच धड यंत्र उरले आहे. तीन तासांची कॅसेट संगणकावर उतरवायला पुरते तीन तास लागतात. मग आधी कोणती उतरवायची? मित्र म्हणाले, “अर्थात शास्त्रीय गाणे!” मी मात्र तमाशाच्या कॅसेटी पुढे काढल्या. बंदिश शिष्याच्या गळ्यात राहते, तबकडीवर राहते. बतावणी कोण लिहून ठेवतो?

परवा एका दिवंगत सोंगाड्याची मुलगी घरी आली. दसऱ्यानंतर वडील फडाबरोबर गेले की उन्हाळ्यातच परतत. त्यांचे काम तिने कधी पाहिलेच नव्हते. मी कॅसेट लावली. पडद्यावर हशा उसळला तशी ती म्हणाली, “काका, आबा एवढी माणसं हसवायचे व्हय? घरात तर गप्पच असायचे.” तेवढा भाग तिने चार वेळा लावायला लावला.

वाचकहो, तुमच्याही माळ्यावर गावच्या जत्रेची एखादी कॅसेट पडली असेल. फराळाचे डबे काढताना तीही खाली काढा, आणि यंत्र असलेला माणूस गाठा. दिवाळी दर वर्षी येते; फितीवरची बुरशी मात्र तोवर थांबत नाही.